मेक्सिकन राजमा : घरच्या आचारात बसणारा पदार्थ

आपल्या समाजातील मुले शिक्षणासाठी पुण्या-मुंबईस किंवा परदेशी राहू लागली, तशा नव्या पदार्थांच्या आवडीही त्यांच्याबरोबर घरी येऊ लागल्या. ‘मेक्सिकन बीन्स’ ही त्यांतलीच एक. मुलांची हौस सांभाळावी की घरचा आचार, असा पेच मग वडीलधाऱ्यांपुढे उभा राहतो. या पदार्थापुरता तरी तो पेच खरा नाही.

राजमा मूळचा अमेरिका खंडातला. मेक्सिकोत राजमा, मका, मिरची व टोमॅटो यांचा आहार फार प्राचीन आहे. १५२१ मध्ये स्पॅनिश लोकांनी तेथील राजधानी जिंकली. डुकरे, तसेच आपल्या परिचयाचा कांदा व लसूण त्यांच्याबरोबर तिकडे गेले. शिजवलेला राजमा ठेचून डुकराच्या चरबीत परतण्याची तेथील रूढी त्यानंतरची. पूर्वीचे लोक शाकाहारी होते असे नव्हे. परंतु आपण जे वर्ज्य मानतो ते या पदार्थात मागाहून आले. ते वगळल्याने पदार्थ अपुरा राहत नाही.

बाहेर मात्र सावध असावे. उपाहारगृहात कांदा-लसूण बहुधा आधीच्या वाटणातच असतो. तो नंतर निवडून काढता येत नाही. डबाबंद पदार्थावरील हिरवी खूण तो शाकाहारी असल्याचे सांगते, कांदा-लसूण नसल्याचे नव्हे. परदेशी शिकणाऱ्या मुलांनी डब्यावरील घटकांत ‘लार्ड’ हा शब्द अवश्य शोधावा. त्याचा अर्थ डुकराची चरबी. चीजमधील ‘रेनेट’ वासराच्या जठरातून काढलेले असू शकते. करारावर सही करण्यापूर्वी आपण बारीक अक्षर वाचतो, तीच सवय येथेही ठेवावी.

चार माणसांसाठी २०० ग्रॅम चित्रा राजमा घ्यावा. तो निवडून, धुऊन सूर्योदयानंतर गाळलेल्या पाण्यात भिजत घातला, तर दुपारपर्यंत आठ तास पुरे होतात. भिजवलेले पाणी टाकून, ताजे पाणी व मीठ घालून कुकरमध्ये एका शिट्टीनंतर मंद आचेवर वीस मिनिटे शिजवावा. दाणा बोटांनी सहज चिरडला पाहिजे. कच्च्या राजम्यातील एका विषारी द्रव्यामुळे उलट्या-जुलाब होतात. चार-पाच कच्चे दाणेही त्याला पुरतात. म्हणून शिजवण्यात घाई करू नये.

पुढचे काम पंधरा मिनिटांचे. दोन मोठे चमचे तुपात जिरे व चिमूटभर हिंग घालून एक बारीक चिरलेली ढोबळी मिरची परतावी. चार टोमॅटोंचा रस, एक चमचा काश्मिरी तिखट व अर्धा चमचा जिरेपूड घालून तूप सुटेपर्यंत शिजवावे. ओरेगॅनोच्या जागी हातावर चोळलेला पाव चमचा ओवा घालावा. गंध बराच जवळचा येतो. मग राजमा व अर्धी वाटी उकडलेले मक्याचे दाणे घालून, एक तृतीयांश दाणे पळीने ठेचावेत. त्यामुळे रस दाट होतो. शेवटी लिंबू पिळावे. सोबत मक्याच्या पिठाची ताजी भाकरी करावी.

एक गोष्ट विशेष लक्षात ठेवण्याजोगी. या पदार्थावर आंबट साय किंवा दही घालण्याची पद्धत आहे. राजमा हे द्विदल धान्य असल्याने कच्च्या दह्याशी त्याचा संयोग आपल्याकडे निषिद्ध आहे. आंबटपणासाठी लिंबू पुरेसे आहे. व्हिनेगरमध्ये मुरवलेल्या मिरच्यांऐवजी ताजी हिरवी मिरची घ्यावी. चातुर्मासात कोथिंबीर वगळावी.

दुकानातील मंडळी सूर्यास्तापूर्वी घरी येईपर्यंत हा पदार्थ सहज तयार होतो. मुलांना हवे ते ताटात मिळते आणि आजी-आजोबांनाही त्याच ताटावर निःशंकपणे बसता येते. आचार केवळ नकारातून नव्या पिढीपर्यंत पोहोचत नाही. ‘हे नको’ म्हणताना ‘हे असे करून पाहू’ असेही घरातून ऐकू आले, तर मुलांना नियमामागचे कारण विचारावेसे वाटते. आणि विचारून कळलेला नियम परगावीही पाळला जातो.