हॉर्निमन सर्कल : पेढ्यांच्या चौकाला संपादकाचे नाव

मुंबईच्या फोर्ट भागात टाउन हॉलसमोरील गोल बागेभोवती बँका व पेढ्यांचीच दाटी. तरी चौकाला नाव आहे ते एका संपादकाचे. पूर्वीचे एल्फिन्स्टन सर्कल स्वातंत्र्यानंतर हॉर्निमन सर्कल झाले. बेंजामिन हॉर्निमन जन्माने इंग्रज. फिरोजशहा मेहतांनी १९१३ मध्ये काढलेल्या ‘बॉम्बे क्रॉनिकल’चे ते संपादक. पंजाबातील दडपशाहीविरुद्ध लेखणी चालविल्यामुळे एप्रिल १९१९ मध्ये सरकारने त्यांना हद्दपार केले; स्वदेशीयांच्याच राज्याने दिलेली ही शिक्षा! १९२६ साली ते परतले, ते मुंबईतच.

याच चौकालगत ‘मुंबई समाचार’ची लाल वास्तू आहे. फर्दुनजी मर्झबान यांनी १ जुलै १८२२ रोजी सुरू केलेल्या या गुजराती पत्राचा आरंभीचा मजकूर म्हणजे जहाजांची ये-जा आणि मालाचे भाव. आपल्या कित्येक घरांत आजही बाजारभाव व समाजातील मृत्युवार्ता पाहण्यासाठी ते आधी उघडले जाते, अग्रलेख नंतर.

शेअर बाजाराकडे जाणारा जुना अपोलो स्ट्रीट आता मुंबई समाचार मार्ग आहे. आपण ही नावे बिलांवर रोज छापतो. हॉर्निमन कोण, हे पेढीवरच्या तरुणाला एकदा विचारून पाहावे. जवळच्याच एका रस्त्याला ‘क्रॉनिकल’चे पुढील संपादक सय्यद अब्दुल्ला ब्रेल्वी यांचे नाव आहे.