नव्या टाकीतले गप्पी का मरतात?

डासांच्या अळ्या खातात म्हणून गप्पी हौदात आणि डबक्यात सोडतात, तिथे ते मजेत जगतात. घरच्या चकचकीत टाकीत मात्र आठवडाभरात उलटे तरंगू लागतात. कारण बहुधा अमोनिया. तो माशांच्या कल्ल्यांतून आणि उरलेल्या खाद्यातून पाण्यात उतरतो. फिल्टरच्या स्पंजात वाढणारे जिवाणू त्याचे आधी नायट्राइट, मग बरेच सौम्य नायट्रेट करतात. पण त्यांचा जम बसायला चार-सहा आठवडे लागतात. तोवर मासे मोजकेच ठेवावेत, खाद्य चिमूटभरच. हौशी मंडळी तो स्पंज नळाखाली खसाखसा धुतात आणि क्लोरीनने जिवाणू मारतात! टाकीतूनच काढलेल्या पाण्यात तो पिळला की पुरे. दर आठवड्याला पाव पाणी बदलावे, तेही क्लोरीन घालवून. तापमान २४ ते २८ अंश. बोअरचे जड पाणी गप्पींना सहसा मानवते.

मादी नराचे शुक्राणू कित्येक महिने साठवते, त्यामुळे एकटी आणलेली मादीही विते. शेपटीकडचा पोटाचा डाग गडद झाला, कातडीतून पिल्लांचे डोळे काळ्या ठिपक्यांसारखे दिसू लागले, की दाट पाणवनस्पती टाका. नाहीतर आईच पिल्लांचा फडशा पाडते.