अकरावा आठवडा : गर्भनिदान, सिकलसेल आणि विदर्भ

'गर्भनिदान' हा शब्द वाचला की मराठी वाचकाला सोनोग्राफी केंद्रातली ती पाटी आठवते : 'येथे गर्भलिंगनिदान केले जात नाही.' त्याला कारणही तसेच आहे. गर्भजल परीक्षण आपल्याकडे १९७० च्या दशकात आले ते जन्मजात दोष ओळखण्यासाठी; पाहता पाहता ते मुलगी ओळखण्याचे साधन झाले. त्याविरुद्ध देशातला पहिला कायदा महाराष्ट्राने १९८८ मध्ये केला, केंद्राचा कायदा १९९४ मध्ये आला. ही लढाई आवश्यकच होती. पण तिच्या गदारोळात मूळ प्रश्न मागे पडला : बाळाला गंभीर आजार आहे का, हे जन्माआधी कळावे का, कोणाला कळावे, आणि कळल्यावर काय करावे?

१९९४ चा कायदा मुळातून वाचताना मला जाणवले, की तो गर्भनिदानाला सरसकट बंदी घालत नाही. कोणत्या कारणांसाठी ते करता येईल याची यादीच त्यात आहे. गुणसूत्रांतील दोष, चयापचयाचे आनुवंशिक आजार, जन्मजात व्यंगे यांच्या बरोबरीने तिथे आणखी एक नोंद आहे : हिमोग्लोबिनचे आनुवंशिक विकार. पुण्या-मुंबईचा वाचक या नोंदीवरून सहज पुढे जाईल. नागपूरच्या वाचकाला तिथे थांबावे लागते, कारण विदर्भातला सिकलसेल त्या नोंदीत येतो.

चाळणी आणि निदान

आधी दोन शब्दांतला फरक पाहू. गरोदरपणात होणाऱ्या बहुतेक तपासण्या 'चाळणी' स्वरूपाच्या असतात. अकरा ते चौदा आठवड्यांच्या दरम्यान सोनोग्राफीत बाळाच्या मानेमागच्या द्रवाची जाडी मोजतात, त्याला 'एनटी स्कॅन' म्हणतात. सोबत आईच्या रक्ताची 'डबल मार्कर' तपासणी होते. दोन्हींचा मेळ घालून डाउन सिंड्रोमसारख्या दोषाची शक्यता काढतात. अहवालात 'अडीचशेत एक' असा आकडा आला की अनेक ठिकाणी तो 'जास्त धोका' धरला जातो आणि घरावर अवकळा पसरते. पण त्याचा अर्थ असा, की असाच अहवाल आलेल्या अडीचशे स्त्रियांपैकी दोनशे एकोणपन्नास जणींच्या बाळांना तो दोष नसेल. चाळणी फक्त संशय सांगते.

निदानासाठी बाळाच्या पेशी लागतात. त्या दोन मार्गांनी मिळतात. साधारण अकरा ते तेरा आठवड्यांत वारेचा बारीक तुकडा काढतात. डॉक्टर त्याला 'सीव्हीएस' म्हणतात. किंवा पंधरा-सोळा आठवड्यांनंतर सुईने गर्भजल काढतात. दोन्हींत गर्भपाताचा धोका असतो. जाणत्या हातांत तो एक टक्क्याच्या आत राहतो. अठरा ते वीस आठवड्यांची 'अ‍ॅनोमली स्कॅन' या दोन प्रकारांच्या मध्ये कुठेतरी बसते. मेंदू, मणका, हृदय, मूत्रपिंडे यांच्या रचनेतले अनेक दोष तिथे प्रत्यक्षच दिसतात.

सोनोग्राफीला न दिसणारा आजार

सिकलसेल यांपैकी कोणत्याही नेहमीच्या तपासणीत सापडत नाही. सोनोग्राफीत बाळ अगदी सुदृढ दिसते, डबल मार्कर निर्धोक येतो. जन्मल्यावरही पहिले काही महिने बाळ ठणठणीत असते, कारण गर्भावस्थेतले वेगळे हिमोग्लोबिन त्याला सांभाळून घेते. ते ओसरू लागले की दुखणे सुरू होते : हातापायांची सूज, हाडे पिळवटणाऱ्या वेदना, वारंवार जंतुसंसर्ग, रक्त कमी होणे.

दोष अगदी लहान आहे. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीतील सहाव्या जागी एका अमिनो आम्लाऐवजी दुसरे येते. एवढ्याने प्राणवायू कमी झाला की तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकतात आणि बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात. आई आणि वडील दोघांकडूनही हा जनुक आला तर मूल आजारी, म्हणजे 'एसएस'. एकाकडूनच आला तर ते वाहक, म्हणजे 'एएस'. विदर्भातल्या आरोग्य केंद्रांत 'एएस पॅटर्न', 'एसएस पॅटर्न' हे शब्द आता रोजच्या बोलण्यातले झाले आहेत. दोन वाहकांच्या लग्नात दर गरोदरपणी एसएसची शक्यता पंचवीस टक्के असते. पहिले मूल आजारी निघाले म्हणून पुढची तीन सुटली, असा या गणिताचा अर्थ नाही. प्रत्येक वेळी फासे नव्याने पडतात.

भारतात हा दोष पहिल्यांदा नोंदला गेला १९५२ मध्ये, निलगिरीच्या आदिवासींत. मध्य भारतातल्या वाहकांविषयी शुक्ल आणि सोळंकी यांचा निबंध 'लॅन्सेट'मध्ये १९५८ साली आला. आज विदर्भात तो गोंड, माडिया, परधान अशा आदिवासी जमातींत, पूर्वाश्रमीच्या महार म्हणजे आजच्या बौद्ध समाजात, आणि कमी प्रमाणात इतर जातींतही आढळतो. त्यामुळे 'त्यांचा आजार' अशी एक कुजबुज असते. तिला उत्तर जीवशास्त्रातच आहे. वाहकाला जीवघेण्या मलेरियापासून काहीसे संरक्षण मिळते, हे अँथनी अ‍ॅलिसन यांनी १९५४ मध्ये दाखवले. जिथे पिढ्यान्‌पिढ्या मलेरिया होता तिथे हा जनुक टिकला. सिकलसेलचा नकाशा मुळात जुन्या मलेरियाचा नकाशा आहे. तो कोणाच्या कुळाचा दोष दाखवत नाही.

आठवड्यांचा हिशेब

गर्भजलातील पेशींच्या डीएनएवरून सिकलसेल ओळखता येतो, हे कान आणि डोझी यांनी १९७८ मध्ये सिद्ध केले. म्हणजे तंत्र नवे नाही. अडचण दिनदर्शिकेची आहे.

क्रम असा असतो. गरोदर बाई केंद्रात नाव नोंदवते. तिची 'सोल्युबिलिटी' चाचणी होते. ती स्वस्त आणि झटपट आहे, पण वाहक कोण आणि आजारी कोण, हे तिला सांगता येत नाही. म्हणून पुढे इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी लागते. बाई वाहक निघाली तर नवऱ्याचे रक्त तपासायचे. तोही वाहक असेल तर समुपदेशन, मग दोघांच्या जनुकांची खात्री, मग सीव्हीएस, मग अहवालाची वाट. हे सगळे अकराव्या-बाराव्या आठवड्यात जुळून यायचे असेल तर पहिली नोंदणी सहाव्या-सातव्या आठवड्यात व्हायला हवी.

प्रत्यक्षात दिवस गेल्याचे घरात सांगायलाच तीन महिने उलटतात. तोवर बोलू नये, ही रीतच आहे. नवरा कामासाठी परगावी असतो. तो आला तरी 'मला काय झालंय? मी कशाला रक्त देऊ?' हा प्रश्न असतोच. भामरागड किंवा एटापल्लीहून नागपूर गाठायचे म्हणजे मजुरी बुडते, घरच्या मुलांना कोणाकडे तरी ठेवावे लागते. बाई पोहोचते तेव्हा सीव्हीएसची वेळ टळलेली असते आणि गर्भजलाचा अहवाल येईतो पोटात हालचाल जाणवू लागलेली असते. चार आठवड्यांचा हा उशीर कागदावर किरकोळ वाटतो. तिच्यासाठी निर्णयाचे स्वरूपच त्याने बदलून जाते.

कायदा कुठवर येतो

१९७१ च्या गर्भपात कायद्याची मर्यादा वीस आठवड्यांची होती. रचनेतले दोष दिसतात अठराव्या ते विसाव्या आठवड्यात. म्हणजे दोष कळेपर्यंत कायद्याचे दार बंद होत आलेले असे. २००८ मध्ये मुंबईच्या एका दांपत्याने बाळाच्या हृदयदोषामुळे चोविसाव्या आठवड्यानंतर गर्भपाताची परवानगी मागितली. मुंबई उच्च न्यायालयाने ती नाकारली आणि देशभर चर्चा सुरू झाली. त्यानंतर अशा कितीतरी स्त्रियांना न्यायालयांची पायरी चढावी लागली.

२०२१ च्या दुरुस्तीने काही प्रकारच्या स्त्रियांसाठी मर्यादा चोवीस आठवड्यांवर नेली. गर्भातील गंभीर व्यंग हे त्यांतले एक कारण आहे. व्यंग मोठे असल्याचे वैद्यकीय मंडळाने ठरवल्यास वरची मर्यादाच उरत नाही. मंडळाने तीन दिवसांत मत द्यायचे असते. जानेवारी २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तेहतिसाव्या आठवड्यात परवानगी देताना, अंतिम निवड त्या स्त्रीची आहे, मंडळाची नव्हे, हे स्पष्ट केले.

निर्मूलन कशाचे?

सिकलसेलला 'गंभीर व्यंग' म्हणायचे का? इथे माझी लेखणी अडखळते. भारतात जो प्रकार जास्त आढळतो त्यात गर्भावस्थेतले हिमोग्लोबिन अधिक टिकते, म्हणून तो सौम्य मानला जाई. नागपूरच्या रुग्णालयांतल्या अनुभवाने त्या समजाला छेद दिला. इथली अनेक मुले फार आजारी पडतात. तरीही एसएस असलेली सगळी मुले सारखी नसतात. एकाला महिन्याआड भरती करावे लागते, दुसरा शिकतो, नोकरी करतो, संसार करतो. कोणते मूल कोणत्या वाटेने जाईल, हे सीव्हीएसच्या अहवालात लिहिलेले नसते. हायड्रॉक्सियुरियाच्या गोळ्यांनी वेदनांचे झटके कमी होतात. त्या नियमित मिळतात की नाही, यावरही आयुष्य ठरते.

आपल्या व्यवस्थेची भूमिकाही दुपेडी आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने सिकलसेलला दिव्यांगत्वाच्या यादीत घेतले, म्हणजे या माणसांचा सन्मानाने जगण्याचा हक्क मान्य केला. १ जुलै २०२३ रोजी शहडोल येथे सिकलसेल निर्मूलनाचे राष्ट्रीय अभियान सुरू झाले. उद्दिष्ट २०४७ सालचे. दोन्ही पावले स्वागतार्हच. पण 'निर्मूलन' हा शब्द ज्याला हा आजार आहे अशा मुलाच्या कानांनी ऐकून पाहावा. नागपूरच्या संपत रामटेके यांना २०१८ मध्ये पद्मश्री मिळाली ती सिकलसेलग्रस्तांना संघटित करण्याच्या कामासाठी. औषध, रक्त, सवलती यांसाठीची ही धडपड जिवंत माणसांसाठी होती. गर्भनिदानाने त्या कामाची जागा घेऊ नये. गोळ्या देण्यापेक्षा गर्भपात स्वस्त पडतो, असा हिशेब कोणी मांडू नये.

याचा अर्थ निदान नाकारावे असा नाही. एका आजारी मुलाच्या उशाशी रात्री काढलेल्या आईने दुसऱ्या वेळी आधी कळावे असे म्हटले, तर तिला अडवण्याचा अधिकार कोणालाच नाही. तिने कळूनही बाळ ठेवले, तर तिला दोष देण्याचाही नाही. यासाठी करण्यासारखे पुष्कळ आहे. रक्ततपासणी शाळा-महाविद्यालयांच्या वयात व्हावी, म्हणजे पहिला धक्का गरोदरपणात बसणार नाही. पहिल्या नोंदणीलाच नवऱ्याचेही रक्त घ्यावे. सीव्हीएसची सोय जिल्ह्याच्या ठिकाणी यावी. आणि समुपदेशकाने पंचवीस टक्के हा आकडा सांगून न थांबता आजारासह जगणाऱ्या एखाद्या कुटुंबाशी जोडप्याची गाठ घालून द्यावी.

१९९४ च्या कायद्यातच एक अट आहे : गर्भनिदानापूर्वी त्या स्त्रीला सर्व परिणाम समजावून सांगावेत, तिला कळणाऱ्या भाषेत तिची लेखी संमती घ्यावी आणि त्या कागदाची प्रत तिच्या हाती द्यावी. भामरागडच्या बाईसाठी ती भाषा माडिया आहे.