विश्लेषण : केळी तोडल्यावर पिकतात, मग द्राक्षे का नाहीत? ‘क्लायमॅक्टेरिक’ या शब्दाचा अर्थ काय?

अर्धापूरच्या शिवारातून केळीचे घड हिरवेगारच ट्रकमध्ये चढतात आणि शेकडो किलोमीटर दूर पिवळे होतात. ज्या गुणधर्मामुळे हे शक्य होते, त्याला इंग्रजीत ‘क्लायमॅक्टेरिक’ असे विशेषण आहे. हाच शब्द रजोनिवृत्तीसाठी, वयाच्या त्रेसष्टाव्या वर्षासाठी आणि दुसऱ्या महायुद्धातील वळणांसाठीही वापरला गेला आहे. एवढ्या वेगवेगळ्या गोष्टींना एकच शब्द का? आणि केळी उत्पादक, ग्राहक व विद्यार्थी यांना तो माहीत असण्याचा उपयोग काय?

शब्द आला कुठून?

ग्रीक भाषेत ‘क्लिमॅक्स’ म्हणजे शिडी आणि ‘क्लिमॅक्टेर’ म्हणजे शिडीची पायरी. प्राचीन ग्रीक-रोमन समजुतीनुसार माणसाचे आयुष्य सात-सात वर्षांच्या पायऱ्यांनी पुढे सरकते आणि प्रत्येक पायरीवर शरीराला धोका असतो. सात आणि नऊ या दोन आकड्यांचा गुणाकार म्हणजे त्रेसष्ट, म्हणून त्रेसष्टावे वर्ष सर्वांत अवघड मानले जाई. इंग्रजीत त्याला ‘ग्रँड क्लायमॅक्टेरिक’ म्हणतात. रोमन सम्राट ऑगस्टसने हे वर्ष सुखरूप पार पडल्याचा आनंद नातवाला लिहिलेल्या पत्रात व्यक्त केला होता. औलस गेलियस या रोमन लेखकाने त्या पत्राची नोंद करून ठेवली आहे.

ही कल्पना मराठी घरांना परकी नाही. आपल्याकडे प्रभव ते क्षय अशी साठ संवत्सरांची चक्रे मोजतात. जन्मवेळचे संवत्सर पुन्हा आले की एक फेरा पूर्ण होतो आणि साठीशांत केली जाते. ग्रीकांनी सातचा पाढा धरला, आपण साठीचे चक्र. वयाचा एक टप्पा ओलांडताना जपले पाहिजे, ही भावना मात्र दोन्हीकडे सारखीच.

पुढे इंग्रजीत या शब्दाचा अर्थ विस्तारला. जिथून परिस्थिती पालटते अशा कोणत्याही निर्णायक टप्प्याला तो लावला जाऊ लागला. हिटलरने सोव्हिएत रशियावर आक्रमण केले त्या दिवशी, २२ जून १९४१ रोजी केलेल्या रेडिओ भाषणात ब्रिटनचे पंतप्रधान विन्स्टन चर्चिल यांनी युद्धातील निर्णायक वळणांसाठी हाच शब्द नाम म्हणून वापरला आणि हे असे चौथे वळण असल्याचे सांगितले.

क्लायमॅक्टेरिक, क्लायमॅक्टिक आणि क्लायमॅटिक यांत फरक काय?

हे तीन शब्द ऐकायला जवळचे असल्याने घोटाळा होतो. ‘क्लायमॅटिक’ म्हणजे हवामानाशी संबंधित. ‘क्लायमॅक्टिक’ म्हणजे कळसाचा, उत्कर्षबिंदूचा. उदाहरणार्थ, नाटकातला शेवटचा रंगलेला प्रवेश. ‘क्लायमॅक्टेरिक’ म्हणजे निर्णायक टप्प्याचा, जो ओलांडल्यावर आधीची स्थिती परत येत नाही.

लातूर आणि नांदेडमध्ये ‘नीट’ची तयारी करणाऱ्या विद्यार्थ्यांना यातला एक बारकावा उपयोगी पडेल. एनसीईआरटीच्या अकरावीच्या जीवशास्त्राच्या पुस्तकात इथिलीनमुळे फळाच्या श्वसनाचा वेग वाढतो त्याला ‘रेस्पिरेटरी क्लायमॅक्टिक’ म्हटले आहे. फळांवरील संशोधनात रूढ असलेले रूप मात्र ‘क्लायमॅक्टेरिक’ हेच आहे. परीक्षेत पुस्तकातला शब्द आला, तर तो याच क्रियेबद्दल आहे हे ओळखता यायला हवे.

फळांना हा शब्द कसा लागला?

फळ तोडल्यावरही जिवंत असते. ते प्राणवायू घेते आणि कार्बन डायऑक्साइड सोडते. केंब्रिजमध्ये फ्रँकलिन किड आणि चार्ल्स वेस्ट हे दोन शास्त्रज्ञ सफरचंदांचे हे श्वसन मोजत होते. तोडलेल्या सफरचंदाचे श्वसन काही काळ संथ राहते, मग एकदम वाढते, शिखर गाठते आणि नंतर उतरत जाते, असे त्यांना दिसले. हा चढ सुरू झाला की फळ पिकू लागते आणि पुढे नासते. फळाच्या आयुष्यातल्या या वळणासाठी त्यांनी १९२५ मधील लेखनात ‘क्लायमॅक्टेरिक’ हा जुना शब्द वापरला.

या चढामागे इथिलीन हा वायू असतो. पिकणारे सफरचंद स्वतःच इथिलीन तयार करते, हे रिचर्ड गेन यांनी १९३४ मध्ये दाखवून दिले. विशेष म्हणजे, थोडे इथिलीन मिळाले की फळ स्वतः आणखी इथिलीन सोडू लागते आणि ही साखळी मागे फिरवता येत नाही. आंब्याची आढी घालणे, धान्याच्या कोठीत कच्चे फळ पुरून ठेवणे, कच्च्या फळांत एखादे पिकलेले ठेवणे, या घरगुती युक्त्यांत हा वायू कोंडून धरण्याचेच काम होते. एक नासका आंबा सगळी आढी नासवतो, या म्हणण्यालाही हाच शास्त्रीय आधार आहे.

कोणती फळे क्लायमॅक्टेरिक, कोणती नाहीत?

केळी, आंबा, पपई, पेरू, चिकू, सीताफळ, फणस, सफरचंद आणि टोमॅटो ही क्लायमॅक्टेरिक फळे आहेत. पुरेशी वाढ झाल्यावर तोडली, तर ती झाडापासून दूरही पिकतात.

द्राक्षे, संत्री, मोसंबी, लिंबू, डाळिंब, अननस आणि स्ट्रॉबेरी या गटात येत नाहीत. त्यांच्यात श्वसनाचा असा चढ येत नाही. ती वेलीवर किंवा झाडावर असतील तेवढीच गोड होतात. आंबट द्राक्षांचा घड घरी आठवडाभर ठेवला, तर तो सुकतो, गोड होत नाही. म्हणून बाजारात द्राक्षे चाखून घ्यावीत. केळी थोडी कच्ची घेतली तरी हरकत नाही.

अर्धापूरसाठी याचे महत्त्व काय?

नांदेड जिल्ह्यातला अर्धापूर तालुका केळीसाठी ओळखला जातो. इसापूर धरणाच्या कालव्याने आणि विहिरी-बोअरच्या पाण्याने इथे केळी आणि हळद ही पिके रुजली. ‘अर्धापुरी’ या नावाचा केळीचा वाणही आहे. अलीकडे ऊतिसंवर्धित ‘ग्रँड नैन’ म्हणजेच जी-नाइनची लागवड वाढली आहे. वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाचे केळी संशोधन केंद्र नांदेडलाच आहे.

केळी क्लायमॅक्टेरिक नसती, तर इथला माल दूरच्या बाजारात पोहोचलाच नसता. पिकलेले केळे ट्रकच्या धक्क्यांत टिकत नाही. त्यामुळे फळाच्या कडा थोड्या गोलसर झाल्या, पण साल हिरवी आहे, अशा वेळी घड कापतात. या अवस्थेत गरात साधारण वीस टक्के पिष्ठ असते. पिकताना त्याची बहुतेक साखर होते.

याच गुणधर्माची दुसरी बाजू शेतकऱ्याला अडचणीत आणते. हळद वाळवून, सोयाबीन पोत्यात भरून, भावाची वाट पाहत ठेवता येते. केळीचे तसे नाही. घड तयार झाला की त्याची पायरी जवळ आलेली असते. भाव पडला म्हणून घड बागेतच राहू दिला, तर फळे झाडावरच पिकतात, तडकतात आणि लांबच्या व्यापाऱ्याच्या कामाची राहत नाहीत. कापल्यावर उन्हात ढीग पडून राहिला, तर त्यातल्या काही फळांतून सुटलेले इथिलीन बाकीच्यांनाही पिकवू लागते. सौदा करताना व्यापारी थांबू शकतो, माल थांबू शकत नाही. शेतकऱ्याचा हात दगडाखाली सापडतो तो इथे.

हा काळ लांबवण्याचा उपाय म्हणजे थंडावा. कापणीनंतर केळी लवकर थंड करून साधारण १३ ते १४ अंश सेल्सियसला ठेवली, तर क्लायमॅक्टेरिकचा चढ काही आठवडे पुढे ढकलता येतो. परदेशी जाणारे केळीचे कंटेनर याच तापमानाला चालतात. मात्र त्याहून थंड केले, तर केळीला थंडी बाधते, साल काळसर पडते आणि फळ नीट पिकत नाही. घरच्या फ्रिजमध्ये केळी काळी पडतात ती यामुळेच. म्हणजे शीतगृह आणि पॅकहाऊस ज्याच्या हाताशी आहे, त्याला थांबता येते; ज्याच्याकडे नाही, त्याला त्या दिवशीचा भाव घ्यावा लागतो.

इथिलीन चालते, मग कार्बाइड का नाही?

हिरवी केळी शहरातल्या वखारीत किंवा रायपनिंग चेंबरमध्ये पिकवली जातात. योग्य पद्धतीत बंद खोलीत १६ ते १८ अंश तापमान आणि ९० ते ९५ टक्के आर्द्रता राखून सुमारे एक दिवस इथिलीन सोडतात. साठलेला कार्बन डायऑक्साइड बाहेर काढण्यासाठी खोली मधूनमधून हवेशीर करतात. चार ते सहा दिवसांत केळी एकसारखी पिवळी होतात. तापमानाला महत्त्व आहे, कारण साधारण २४ अंशांहून जास्त उष्णतेत कॅव्हेंडिश गटातल्या केळीचा गर मऊ पडतो, पण साल हिरवट राहते. मराठवाड्याच्या उन्हाळ्यात उघड्यावर पिकलेली केळी अशी का दिसतात, याचे उत्तर यात आहे.

भारतीय अन्नसुरक्षा व मानके प्राधिकरणाने २०१६ मध्ये दशलक्ष भागांत १०० भागांपर्यंत इथिलीन वायू वापरण्यास परवानगी दिली. फळ स्वतः जो वायू बनवते, तोच बाहेरून देऊन पिकण्याला सुरुवात करून दिली जाते. पिकवणारे रसायन फळाला थेट लागता कामा नये, असेही प्राधिकरणाचे म्हणणे आहे. त्यामुळे फण्या द्रावणात बुडवून काढण्याची पद्धत यात बसत नाही.

कॅल्शियम कार्बाइडला मात्र पूर्ण बंदी आहे. २०११ च्या अन्नसुरक्षा नियमावलीतील २.३.५ या तरतुदीनुसार कार्बाइडच्या वायूने पिकवलेली फळे विकता येत नाहीत. कार्बाइडला ओलावा लागला की ॲसिटिलीन सुटतो. तो इथिलीनसारखे काम करतो, पण कमी ताकदीने. शिवाय बाजारातल्या कार्बाइडमध्ये आर्सेनिक आणि फॉस्फरसचे अंश असतात, जे ते हाताळणाऱ्या मजुराला आणि खाणाऱ्यालाही घातक ठरू शकतात. अशा फळांची साल पिवळीधमक, पण गर कच्चा आणि बेचव राहू शकतो. संशय आल्यास राज्याच्या अन्न व औषध प्रशासनाकडे तक्रार करता येते.

स्त्रियांच्या आरोग्यात हा शब्द कुठे येतो?

वैद्यकशास्त्रात पाळी अनियमित होण्यापासून ती कायमची थांबून शरीर स्थिरावेपर्यंतच्या काळाला ‘क्लायमॅक्टेरिक’ म्हणतात. पाळी थांबणे, म्हणजे रजोनिवृत्ती, ही त्या काळातली एक घटना. बहुतेक स्त्रियांत ती ४५ ते ५५ या वयात येते. आंतरराष्ट्रीय रजोनिवृत्ती संस्थेच्या नियतकालिकाचे नावही ‘क्लायमॅक्टेरिक’ असेच आहे.

मराठवाड्यात हा प्रश्न पुस्तकी नाही. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड महिलांच्या गर्भाशय शस्त्रक्रियांचा विषय २०१९ मध्ये गाजला. डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली राज्य सरकारची समिती नेमली गेली. सुमारे ८२ हजार महिलांच्या सर्वेक्षणात १३ हजारांहून अधिक महिलांची गर्भाशये काढलेली आढळली. त्यांत अनेक जणी तरुण होत्या.

‘पिशवी काढली’ या बोलीतल्या शब्दांत एक महत्त्वाचा फरक झाकला जातो. फक्त गर्भाशय काढले, तर पाळी थांबते, पण बीजांडकोशांतून संप्रेरके मिळत राहतात. तरीही रजोनिवृत्ती काही वर्षे लवकर येण्याची शक्यता असते. दोन्ही बीजांडकोशही काढले, तर हा टप्पा एका दिवसात ओढवतो आणि ऐन तिशी-पस्तिशीत हाडे ठिसूळ होण्याचा व हृदयविकाराचा धोका वाढतो. म्हणून शस्त्रक्रियेला होकार देण्यापूर्वी नेमके काय काढणार, दुसरा उपचार आहे का आणि नंतर कोणती औषधे लागतील, हे तीन प्रश्न विचारणे आणि उत्तरे कागदावर घेणे आवश्यक आहे.

मराठीत काय म्हणावे?

सगळ्या अर्थांना पुरेल असा एकच मराठी शब्द नाही. स्त्रियांच्या बाबतीत ‘रजोनिवृत्तीचा काळ’ आणि इतिहासाबद्दल ‘निर्णायक टप्पा’ हे प्रयोग चालतात. फळांसाठी मात्र शेतकऱ्यांच्या तोंडी शब्द आधीपासून आहे. झाडावरचा आंबा पिकण्याच्या बेताला आला की तो ‘पाडाला लागला’ असे म्हणतात. पाड लागलेला आंबा उतरवून आढीत घातला की पिकणारच, हे शिवारात पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. ‘क्लायमॅक्टेरिक फळ’ समजावून सांगताना शिक्षकांना आणि कृषी सहायकांना सुरुवात याच शब्दापासून करता येईल.