मुदत टळली, म्हणून चोर?
जानेवारी २०२० मध्ये हैदराबादेत निदर्शनांमुळे रस्ते अडले आणि कागद नेणाऱ्या एका गाडीच्या ई-वे बिलाची मुदत संपली. अधिकाऱ्याने करचुकवेगिरी गृहीत धरून माल अडविला. ठेवला कोठे, तर नातलगाच्या घरी! व्यापाऱ्याने ६९,००० रुपये भरले, तेव्हा तो सुटला. तेलंगण उच्च न्यायालयाने ही रक्कम परत करविली, वर १०,००० रुपये खर्चापोटी बसविले. तरीही खाते सर्वोच्च न्यायालयात गेले. जानेवारी २०२२ मध्ये त्या खर्चात ५९,००० रुपयांची भर पडली आणि तो जबाबदार व्यक्तींकडून वसूल करण्याची मुभा राज्याला मिळाली. आमच्या मते हे कलम सर्वांत मोलाचे. एरवी अधिकाऱ्याच्या हडेलहप्पीचा दंड करदात्याच्याच पैशांतून भरला जातो. आणि ज्याला दोन वर्षे कोर्टकचेरी परवडत नाही, तो छोटा दुकानदार मुकाट्याने पैसे मोजून माल सोडवून नेतो.