शत्रूच्या शलाकेचा शोध

पदार्थविज्ञान शिकून पुढे काय होता येते, असे विचारले तर तुम्ही प्राध्यापक, अभियंता, संशोधक अशी उत्तरे द्याल. ‘गुप्तवार्ता खात्याचा प्रमुख’ हे उत्तर सहसा कोणी देणार नाही. ब्रिटनमधील रेजिनाल्ड व्हिक्टर जोन्स यांनी मात्र नेमके हेच काम केले, आणि तेही प्रयोगशाळेतील सवयी न सोडता.

जोन्स यांचा जन्म १९११ साली लंडनमध्ये झाला. ऑक्सफर्ड विद्यापीठात त्यांनी पदार्थविज्ञानात डॉक्टरेट मिळवली आणि अवरक्त किरणांवर संशोधन केले. सप्टेंबर १९३९ मध्ये दुसरे महायुद्ध पेटले, त्याच सुमारास त्यांना हवाई मंत्रालयाच्या गुप्तवार्ता शाखेत नेमण्यात आले. वयाची अठ्ठावीस वर्षेही अजून पूर्ण व्हायची होती. जर्मनी कोणती नवी वैज्ञानिक साधने वापरीत आहे, हे ओळखून काढणे हे त्यांचे काम.

जून १९४० मध्ये उकललेला एक सांकेतिक जर्मन संदेश त्यांच्या हाती आला. त्यात क्लेव्ह हे जर्मनीतील गाव, ‘क्निकेबाइन’ म्हणजे ‘वाकडा पाय’ हा शब्द आणि इंग्लंडमधील एका ठिकाणाचे अक्षांश-रेखांश होते. जोन्स यांनी तर्क केला, की क्लेव्ह येथून रेडिओ-लहरींची अरुंद शलाका इंग्लंडवर रोखली जात असावी. तिच्या आधाराने बाँबफेकी विमाने अंधाऱ्या रात्रीही लक्ष्यावर पोचू शकली असती.

पण विमानात ही शलाका पकडणारे यंत्र कोठे होते? पाडलेल्या जर्मन विमानांत तसे वेगळे यंत्र आढळले नव्हते. धुक्यात विमान उतरवण्यासाठी लागणारा नेहमीचा रेडिओ-ग्राहक तेवढा होता. त्यात काही विशेष आहे का, असे जोन्स यांनी तो तपासणाऱ्या अभियंत्याला विचारले. उत्तर आले, “विशेष काही नाही, फक्त विमान उतरवण्यासाठी लागते त्यापेक्षा तो कितीतरी अधिक संवेदनक्षम आहे.” जोन्स यांना हवा असलेला धागा मिळाला. विमानतळाजवळचा जोरदार संदेश ऐकायला एवढे तीक्ष्ण कान कशाला हवेत? ते दूरच्या क्षीण संदेशासाठीच असणार.

आता शलाकेची युक्ती पाहू. दोन रुंद शलाका शेजारी शेजारी अशा सोडायच्या, की त्यांच्या कडा एकमेकींवर चढतील. एकीत ‘टिक् टिक्’ असे आखूड ध्वनी, दुसरीत लांब ध्वनी. एकीतील ध्वनी दुसरीतील मोकळ्या जागांत बरोबर बसतात. जेथे दोन्हींची तीव्रता सारखी, तेथे वैमानिकाला अखंड सूर ऐकू येतो. डावीकडे किंवा उजवीकडे सरकताच एक ध्वनी वरचढ होतो. मूळ शलाका रुंद असल्या, तरी अखंड सुराचा पट्टा अगदी अरुंद असतो. दुसऱ्या केंद्रावरून अशीच शलाका सोडून पहिलीला छेद दिला, की छेदबिंदू हेच लक्ष्य.

यावर एक गंभीर आक्षेप होता. रेडिओ-लहरींच्या प्रसाराचे एक नामांकित तज्ज्ञ म्हणाले, की एवढ्या आखूड लहरी पृथ्वीच्या गोलाईला धरून वळणार नाहीत. हा आक्षेप तुम्हीही गणित करून तपासू शकता. ६ किलोमीटर उंचीवरील विमानाला क्षितिज किती दूर दिसेल? पृथ्वीची त्रिज्या ६,४०० किलोमीटर धरली, तर हे अंतर २ × ६,४०० × ६ या गुणाकाराचे वर्गमूळ, म्हणजे सुमारे २७७ किलोमीटर येते. क्लेव्हपासून मध्य इंग्लंड तर ४०० किलोमीटरहून दूर!

२१ जून १९४० रोजी जोन्स यांनी पंतप्रधान चर्चिल यांच्यासमोर सुमारे वीस मिनिटे आपले म्हणणे मांडले. तज्ज्ञाच्या मतामुळे शोध-उड्डाण रद्द करण्याची भाषा निघाली, पण पंतप्रधानांच्या आज्ञेकडे बोट दाखवून जोन्स यांनी आग्रह सोडला नाही. त्याच रात्री ग्राहक घेऊन एक विमान उडाले. स्पॉल्डिंग गावाच्या दक्षिणेस शलाका सापडली! कंप्रता ३१.५ मेगाहर्ट्‌झ, म्हणजे तरंगलांबी सुमारे साडेनऊ मीटर. अखंड सुराच्या पट्ट्याची रुंदी जेमतेम ४०० मीटर, म्हणजे दर किलोमीटरमागे सुमारे एक मीटर. दुसरी शलाकाही सापडली. दोहोंचा छेद डार्बीजवळ होता, जेथे रोल्स-रॉइसचा विमान-इंजिनांचा कारखाना होता.

मग गणित चुकले काय? नाही, ते अपुरे होते. वातावरणात लहरी किंचित खाली वाकतात, आणि क्षितिजाच्या कडेवरून विवर्तनाने थोडी ऊर्जा पलीकडेही झिरपते. ती क्षीण असते, म्हणूनच तो तीक्ष्ण कानांचा ग्राहक! शलाकांचा पत्ता लागल्यावर ब्रिटिशांनी त्यांत गोंधळ माजवणारे संदेश मिसळले.

या कामात चुकीची किंमत मात्र फार मोठी असते. जर्मनांनी पुढे वेगळ्या कंप्रतेची, अधिक अचूक शलाका वापरली. तिच्या ग्राहकात २,००० हर्ट्‌झचाच सूर आत घेणारी गाळणी होती. ब्रिटिशांचे अडथळ्याचे संदेश होते १,५०० हर्ट्‌झ सुराचे, त्यामुळे गाळणीने ते बाहेरच ठेवले. १४ नोव्हेंबर १९४० च्या रात्री कॉव्हेंट्री शहरावर हल्ला झाला आणि पाचशेहून अधिक माणसे मरण पावली. अडथळे त्या रात्री निरुपयोगी ठरले होते.

युद्धानंतर १९४६ मध्ये जोन्स ॲबर्डीन विद्यापीठात प्राध्यापक झाले आणि १९८१ पर्यंत तेथे होते. मधल्या काळात, १९५२-५३ मध्ये, संरक्षण मंत्रालयाच्या वैज्ञानिक गुप्तवार्ता विभागाचे संचालकपद त्यांनी सांभाळले. १९९३ मध्ये अमेरिकेच्या गुप्तचर संस्थेने त्यांच्या नावे पारितोषिक सुरू केले. १९९७ मध्ये त्यांचे निधन झाले.

जोन्स यांच्या हाती कोणते गुप्त शस्त्र होते? खटकणारी बारीकशी गोष्ट न सोडणे, तिच्यावरून तर्क बांधणे आणि तो प्रत्यक्ष मोजून पाहणे, एवढेच. प्रयोगवहीत एखादे निरीक्षण इतरांशी जुळत नसेल, तर ते खोडण्यापूर्वी पुन्हा एकदा मोजून पाहा. अभियंत्याने ‘विशेष काही नाही’ म्हणून सांगितलेल्या गोष्टीतच जोन्स यांना शलाकेचा माग लागला होता.