रांगेत शेवटी उभा असतो तो भागधारक

ऑक्टोबर २०२५ मध्ये, ऐन दिवाळीच्या तोंडावर, एलजी इलेक्ट्रॉनिक्स इंडियाचा आयपीओ आला. ११,६०७ कोटींच्या त्या विक्रीला ५४ पट मागणी आली. १,१४० रुपयांना ज्यांच्या पदरात शेअर पडला, त्यांनी १४ तारखेला तो १,७०० च्या पुढे उघडलेला पाहिला. अर्ज करणाऱ्यांत आता मुंबई-पुण्याचेच लोक असतात असं नाही. यूपीआय आणि डीमॅट खातं असलं की वाशिमच्या पाटणी चौकात उभं राहूनही अर्ज भरता येतो. ज्या कंपनीचा फ्रिज घरात वर्षानुवर्षं विनातक्रार चालतो, तिचा शेअरही तसाच चालेल, असं वाटणं स्वाभाविक आहे. पण हा विश्वास किती धोक्याचा, हे महाराष्ट्राने स्वतःच्या अंगणात पाहिलेलं आहे.

ती कंपनी म्हणजे व्हिडिओकॉन. धूत कुटुंब मूळचं साखर आणि कापसाच्या व्यवसायातलं. १९८० च्या दशकाच्या मध्याला नंदलाल माधवलाल धूत आणि त्यांच्या मुलांनी तोशिबाच्या तंत्रसाहाय्याने औरंगाबादेत, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरात, रंगीत टीव्ही बनवायला घेतले. पैठण रस्त्यावरच्या चितेगावच्या कारखान्याने मराठवाड्यातल्या कितीतरी घरांत पहिल्यांदा महिन्याचा पगार आणला. इकडे वऱ्हाडात लग्नाच्या आहेरात, दिवाळीच्या खरेदीत व्हिडिओकॉनचा टीव्ही आणि वॉशिंग मशीन असायचंच. माल चांगला होता, नाव घराघरात होतं. तरीही कंपनी बुडाली. कशी बुडाली, हे कळलं तर अशा कुठल्याही कंपनीकडे बघायची नजर येते.

पहिला घाव तंत्रज्ञानाचा. २००५ मध्ये व्हिडिओकॉनने फ्रान्सच्या थॉमसनचा पिक्चर ट्यूबचा धंदा विकत घेतला. इटली, पोलंड, मेक्सिको आणि चीनमधले कारखाने मराठवाड्यातल्या एका उद्योगाच्या ताब्यात आले, याचा तेव्हा केवढा अभिमान वाटला होता! पण टीव्हीचा तो मागचा मोठा डबा जगातून जायची वेळ झाली होती. २००७ च्या अखेरच्या तिमाहीत जगभरात सपाट एलसीडी टीव्हींची विक्री पिक्चर ट्यूबवाल्या टीव्हींच्या पुढे गेली. जे कारखाने बळ म्हणून घेतले, ते दोन-तीन वर्षांतच गळ्यातलं लोढणं झाले. थॉमसन स्वतः त्या धंद्यातून बाहेर पडत होती, आणि विकणारा का विकतोय हा प्रश्न तेव्हा आपल्याकडे फार कमी जणांनी विचारला.

दुसरा घाव पसाऱ्याचा आणि कर्जाचा. तेल-वायू, डीटीएच, मग मोबाइल सेवा. २ फेब्रुवारी २०१२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने २-जीचे १२२ परवाने रद्द केले, त्यात व्हिडिओकॉनचे २१ होते. मोझांबिकच्या वायूक्षेत्रातला १० टक्के हिस्सा २०१३ मध्ये सुमारे अडीच अब्ज डॉलरला विकला गेला, तरी देण्यांचा डोंगर हलला नाही. त्यात समूहातल्या कंपन्या एकमेकींच्या कर्जाला बांधलेल्या होत्या. फ्रिज विकून नफा कमावणाऱ्या कंपनीच्या मानेवरही दुसऱ्याच धंद्याचं ओझं होतं. आयसीआयसीआय बँकेच्या कर्जाचं प्रकरण न्यायालयात आहे, त्यात इथे शिरत नाही. टीव्ही कंपनीचा शेअर घेतलेल्या माणसाला आपण तेलविहिरीत आणि स्पेक्ट्रममध्येही पैसे घातलेत याची कल्पना होती का, एवढंच मला विचारावंसं वाटतं. ताळेबंदाच्या टिपांत ‘हमी’ या शब्दाखाली हे छापलेलं असतं. तिथपर्यंत फारसं कुणी जात नाही.

जून २०१८ मध्ये राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाने व्हिडिओकॉनच्या दिवाळखोरीचं प्रकरण दाखल करून घेतलं. पुढे समूहातल्या १३ कंपन्यांची प्रकरणं एकत्र केली गेली. एकूण दावे ७१,४३३ कोटींचे, त्यातले मान्य झाले ६४,८३८ कोटींचे. जून २०२१ मध्ये वेदान्त समूहाच्या ट्विन स्टार टेक्नॉलॉजीजची २,९६२ कोटींची योजना मंजूर झाली. म्हणजे दाव्यांच्या ४.१५ टक्के. बोली लावणारा जवळजवळ काहीच देत नाही, असं न्यायाधिकरणानेच निकालात म्हटलं. जानेवारी २०२२ मध्ये अपिली न्यायाधिकरणाने ती मंजुरी रद्द केली.

या आकड्यांतला एक आकडा मला सगळ्यात जास्त बोचतो. सुटे भाग, पॅकिंग, वाहतूक पुरवणाऱ्यांच्या वाट्याला त्या योजनेत ०.७२ टक्के येत होते. एक लाखाच्या बिलामागे ७२० रुपये. त्यांत कित्येक लघुउद्योग होते, आणि त्यांची रक्कम वाढवावी असं न्यायाधिकरणाने सुचवलंही होतं. कंपनीकडून क्रेडिट नोट येणं असलेला जिल्ह्याच्या गावचा डीलरही याच रांगेत मोडतो. स्कीमचे पैसे, वॉरंटीत बदलून दिलेल्या पार्टचे पैसे, डिपॉझिट. त्याच्या फाइलीतले हे सगळे कागद म्हणजे कंपनीला दिलेली बिनव्याजी, बिनतारण उधारीच.

कंपनी अवसायनात गेली तर पैसे कुणाला आधी द्यायचे, हे दिवाळखोरी संहितेच्या कलम ५३ मध्ये ठरलेलं आहे. आधी प्रक्रियेचा खर्च, मग कामगारांचं २४ महिन्यांचं देणं आणि तारण असलेल्या बँका, त्यानंतर इतर कर्मचारी, बिनतारण कर्ज देणारे, सरकारी देणी, उरलेले देणेकरी, आणि सगळ्यात शेवटी भागधारक. व्हिडिओकॉनच्या भागधारकांना त्या योजनेत एक छदामही नव्हता, आणि शेअर बाजारातून काढून टाकायचे ठरले होते.

आजच्या कंपन्यांचं काय? टीव्हीत सर्वांत महाग भाग पॅनेल, आणि ते आपल्याकडे अजूनही मुख्यतः बाहेरून येतं. डॉलर चढला की खर्च चढतो. एलजीचा एक कारखाना आपल्या रांजणगावला आहे, पण नाव आणि तंत्रज्ञान कोरियातल्या मूळ कंपनीचं, त्यासाठी रॉयल्टी द्यावी लागते. आयपीओतला पैसाही भारतातल्या कंपनीत आला नाही. १५ टक्के हिस्सा विकून तो पूर्णपणे मूळ कंपनीकडे गेला. यात गैर काही नाही, सगळं प्रॉस्पेक्टसमध्ये स्वच्छ लिहिलेलं होतं. पण आपल्या पैशाने नवा कारखाना उभा राहणार, अशा समजुतीने अर्ज भरला असेल तर ती समजूत चूक होती.

आणि हवामान. २०२५ मध्ये मोसमी पाऊस २६ मे रोजीच मुंबईत पोचला, उन्हाळा आखडला, एसी पडून राहिले. सुप्याला एसीचा कारखाना असलेल्या पीजी इलेक्ट्रोप्लास्टने ऑगस्टमध्ये विक्रीचा अंदाज खाली आणला आणि शेअर एकाच दिवसात जोरात आपटला. वाशिमच्या दुकानदाराला हे नव्याने सांगायला नको. इथे टीव्ही-फ्रिजचा हंगाम सोयाबीनचं खळं झाल्यावर उघडतो. २०२५-२६ साठी हमीभाव ५,३२८ रुपये जाहीर झाला, पण बाजार समितीत मिळणारा भाव त्याच्या खालीच राहिला. त्याआधी अतिवृष्टीने उभं पीक झोपवलं होतं. २२ सप्टेंबरला मोठ्या टीव्हीवरचा जीएसटी २८ वरून १८ टक्के झाला, तरी हातात पैसाच नसेल तर शेतकरी हप्त्यावर तरी किती घेणार? मुंबईतल्या विश्लेषकाच्या तक्त्यात ‘ग्रामीण मागणी’ असा जो रकाना असतो, तो रिसोड-मानोऱ्यातच भरला जातो. या बाबतीत आपल्या जिल्ह्यातल्या माणसाला त्याच्यापेक्षा चार महिने आधी कळतं, आणि ते ज्ञान त्याने वापरायला हवं.

प्रत्येक आयपीओच्या प्रॉस्पेक्टसमध्ये ‘जोखीम घटक’ हे प्रकरण असतं. सेबीच्या संकेतस्थळावर ते फुकट मिळतं. भाषा इंग्रजी आणि किचकट आहे, म्हणून घरातल्या शिकत्या पोराला शेजारी बसवा. माल कुणाकडून येतो, तंत्रज्ञान कुणाचं, कर्ज किती, हमी कुणाकुणाला दिली, आणि उभा राहणारा पैसा जातो कुठे, एवढं त्याच्याकडून काढून घ्या. यूपीआयचा पिन त्यानंतर टाका.